वाघाला ऑस्कर, स्टुडिओ दिवाळखोर: रिदम अँड ह्यूजचं प्रकरण

व्हीएफएक्समध्ये (पिक्चरसाठी कॉम्प्युटरवर तयार होणाऱ्या व्हिज्युअल इफेक्ट्समध्ये) जाऊ की एडिटिंग शिकू असं विचारणारे बहुतेक जण सॉफ्टवेअरवरून सुरुवात करतात, म्हणजे माया शिकू का, न्यूक शिकू का, कोणता क्लास चांगला. मी त्यांना आधी २०१३ चं एक प्रकरण वाचायला सांगते. त्यात या धंद्याचं काम किती वरच्या दर्जाचं असू शकतं तेही दिसतं आणि त्या कामाचे पैसे कसे ठरतात तेही दिसतं, आणि दुसरी गोष्ट क्लासमध्ये सहसा कोणी शिकवत नाही.

रिदम अँड ह्यूज ही कॅलिफोर्नियातली व्हीएफएक्स कंपनी. १९८७ मध्ये जॉन ह्यूज आणि त्यांच्या काही सहकाऱ्यांनी सुरू केली. नव्वदच्या दशकात कोका-कोलाची पांढऱ्या अस्वलांची जाहिरात आली होती ती यांचीच, आणि प्राणी हीच पुढे त्यांची खासियत झाली. बोलणाऱ्या डुकराच्या पिल्लाच्या ‘बेब’साठी पहिला ऑस्कर, मग ‘द गोल्डन कंपास’साठी दुसरा. कर्मचाऱ्यांना बरं वागवणारी कंपनी म्हणून त्यांचं नाव होतं, आणि या धंद्यात ते नाव मिळवणं सोपं नाही. हळूहळू मुंबई, हैदराबाद, मलेशिया, व्हँकुव्हर आणि शेवटी तैवानमधलं काऊश्युंग असा पसारा वाढला. मुंबई-हैदराबादच्या ऑफिसात आपली शेकडो मुलं-मुली होती आणि त्यातली कितीतरी आज इथल्या मोठ्या स्टुडिओत सुपरवायझर म्हणून बसलेली आहेत. त्यामुळे हे प्रकरण फक्त अमेरिकेचं आहे असं समजू नका.

आता पिक्चर. ‘लाइफ ऑफ पाय’, दिग्दर्शक आंग ली, नोव्हेंबर २०१२ मध्ये रिलीज. सूरज शर्मा, तब्बू, इरफान खान. पुद्दुचेरी आणि मुन्नारला शूटिंग झालं, पण समुद्राचा मोठा भाग तैवानमध्ये ताईचुंगच्या एका बंद पडलेल्या विमानतळावर लाटा तयार करणारी भली मोठी टाकी बांधून शूट केला. पडद्यावर दिसणारा रिचर्ड पार्कर हा वाघ मोजक्या शॉट्समध्ये खरा आहे, बाकी सगळीकडे तो कॉम्प्युटरवर बनवलेला आहे आणि तो रिदम अँड ह्यूजच्या लोकांनी बनवलाय. त्यांनी खऱ्या वाघांचं तासन्‌तास फुटेज पाहून काम केलं, वाघ दचकतो तेव्हा कान कसा मागे जातो, पंजा टेकताना बोटं कशी फाकतात, कातडं खालच्या स्नायूवरून कसं सरकतं, अशा गोष्टी त्यात होत्या.

एक शॉट जवळून बघू. जहाज बुडाल्यावर पाय नावाचा मुलगा (सूरज शर्मा) आणि वाघ एकाच होडीत अडकलेत. वाघ उपासमारीने अगदी खंगलाय आणि तो मुलगा त्याचं डोकं आपल्या मांडीवर घेतो. सेटवर सूरज शर्माच्या मांडीवर निळ्या रंगाचं वाघाच्या आकाराचं एक सॉफ्ट डमी होतं, बस. आता त्या प्लेटवर, म्हणजे सेटवर शूट केलेल्या चित्रावर, काय काय करायचं ते बघा. आधी कॅमेरा मॅचमूव्ह करायचा, म्हणजे खरा कॅमेरा जसा हलला तसाच कॉम्प्युटरमधला कॅमेरा हलला पाहिजे आणि मुलाचं शरीर पण ट्रॅक झालं पाहिजे. मग पेंटवाले तो निळा डमी काढून मागची मांडी, कापड, होडी सगळं भरून काढणार. रोटोवाले मुलाची बोटं फ्रेम-फ्रेमला कापून वेगळी करणार कारण ती बोटं वाघाच्या केसांत आत जायला पाहिजेत, वरून चिकटवल्यासारखी दिसली की खेळ संपला. अॅनिमेटर डोक्याचं वजन दाखवणार, श्वास दाखवणार. मग स्नायू, कातडं, त्यावर ओली चिकटलेली फर, जिथे हात फिरतो तिथे फर दबली पाहिजे. मग लाइटिंग, रेंडर (म्हणजे कॉम्प्युटरकडून तयार चित्र काढून घेणं), आणि शेवटी कॉम्पोझिटर हे सगळे थर एका जागी आणून त्या दिवशीच्या त्या उन्हात बसवणार. पिक्चर थ्रीडी होता, म्हणजे डाव्या डोळ्याचं वेगळं आणि उजव्या डोळ्याचं वेगळं चित्र, आणि रोटोची किंवा पेंटची जी चूक साध्या पिक्चरमध्ये कोणाच्या लक्षात आली नसती ती इथे लगेच डोळ्याला टोचते. मी हा शॉट शिकणाऱ्यांना थांबवून थांबवून दाखवते, आणि दरवेळी मला त्या बोटांच्या रोटोवाल्याला जाऊन हात मिळवावासा वाटतो.

पिक्चरला खर्च आला साधारण १२ कोटी डॉलर आणि जगभरात कमाई झाली ६० कोटी डॉलरच्या वर. ऑस्करची ११ नामांकनं. आणि फेब्रुवारी २०१३ मध्ये, ऑस्कर सोहळ्याच्या जेमतेम दोन आठवडे आधी, रिदम अँड ह्यूजने दिवाळखोरीसाठी अर्ज केला. अडीचशेच्या आसपास लोकांना एका झटक्यात घरी पाठवलं, आणि आगाऊ नोटीस न देता काढलं म्हणून पुढे कोर्टात दावाही झाला. जे पिक्चर अर्धवट होते ते अडकू नयेत म्हणून फॉक्स आणि युनिव्हर्सल या हॉलिवूडच्या स्टुडिओंनी कर्ज दिलं, म्हणजे काम चालू राहिलं, पण कंपनी वाचवायला नव्हे, तर त्यांचे पिक्चर वेळेत पूर्ण व्हावेत म्हणून.

२४ फेब्रुवारीला, ऑस्करच्या दिवशी, हॉलिवूडच्या डॉल्बी थिएटरच्या जवळ शेकडो व्हीएफएक्स आर्टिस्ट फलक घेऊन उभे होते आणि वरून त्यांच्या मागणीचा बॅनर ओढत विमान फिरत होतं. थिएटरच्या आत ‘लाइफ ऑफ पाय’ला व्हिज्युअल इफेक्ट्सचा ऑस्कर मिळाला. पिक्चरचे व्हीएफएक्स सुपरवायझर बिल वेस्टेनहोफर पुरस्काराच्या बाकीच्या तिघा मानकऱ्यांसोबत स्टेजवर गेले, आभार मानले आणि शेवटी कंपनीच्या अडचणीबद्दल बोलायला लागले तेवढ्यात ‘जॉज’ या शार्कच्या पिक्चरची धून वाजली आणि माइक बंद झाला. त्या रात्री ज्याचं भाषण लांबलं त्या प्रत्येकासाठी तीच धून वाजवत होते हे खरं आहे आणि यांचा वेळही संपला होता हेही खरं. पण घरी बसून ते बघणाऱ्या, दोन आठवड्यांपूर्वीच नोकरी गेलेल्या आर्टिस्टला काय वाटलं असेल ते सांगायला नको. दुसऱ्या दिवसापासून फेसबुकवर जगभरच्या व्हीएफएक्सवाल्यांनी आपले प्रोफाइल फोटो काढून नुसते हिरवे चौकोन लावले, शूटिंगला मागे लावतात त्या हिरव्या पडद्यासारखे, म्हणजे आमचं काम काढून टाकलं तर तुम्हाला पडद्यावर एवढंच दिसेल.

आता मुद्द्यावर येऊ. काम उत्तम, पिक्चर सुपरहिट, मग कंपनी का बुडाली?

व्हीएफएक्सचं काम फिक्स बिडवर, म्हणजे आधीच ठरलेल्या ठोक रकमेवर, मिळतं. स्क्रिप्ट वाचून, स्टोरीबोर्ड बघून कंपनी अंदाज काढते की इतके शॉट, प्रत्येक शॉटला इतके मॅन-डे (एक मॅन-डे म्हणजे एका माणसाचं एका दिवसाचं काम), एकूण इतके पैसे. समजा १०० शॉट आहेत आणि सरासरी १० मॅन-डे धरले तर १,००० मॅन-डेचं बिड झालं. त्यावर स्पर्धा असते म्हणून नफा ठेवायचा अगदी थोडा. आता शूटिंग झालं, एडिट सुरू झालं आणि दिग्दर्शकाला वाटलं की वाघ जरा जास्त चिडलेला पाहिजे, पुढच्या महिन्यात वाटलं नको, दमलेला पाहिजे. त्यातले ३० शॉट पुन्हा झाले की ३०० मॅन-डे गेले आणि नफा तर गेलाच, वर खिशातून भरावे लागले. लग्नाच्या केटररशी ठरावीक रकमेचा सौदा करायचा आणि मग ऐन पंगतीत मेनू बदलायला सांगायचा, तसं हे आहे. करारात जादा कामाचे जादा पैसे मागायची सोय असते, पण मागणार कोणाकडे? त्या काळात एवढ्या मोठ्या बजेटचे पिक्चर देणारे हॉलिवूडचे स्टुडिओ मोजून सहा होते, त्यातल्या एकाशी भांडलात की पुढचं काम दुसऱ्या कंपनीला. म्हणून कंपन्या तोंड मिटून काम करतात, आणि ते जादा काम शेवटी आर्टिस्टच्या रात्रींमधून निघतं.

दुसरी गोष्ट उशिराची. पिक्चर तीन महिने पुढे ढकलला की स्टुडिओला फक्त तारीख बदलायची असते, इकडे मात्र शेकडो लोकांची टीम भाड्याच्या ऑफिसात पगारावर बसलेली असते. टीम सोडली तर परत जमवायला वेळ जातो आणि ठेवली तर पैसे जातात. रिदम अँड ह्यूजची काही मोठी कामं अशीच पुढे गेली आणि ते ओझं त्यांना पेललं नाही. त्यांनी आपली माणसं शक्यतो सोडली नाहीत, हा त्यांचा चांगुलपणाच होता आणि हिशोबात तोच त्यांना महाग पडला असं माझं मत आहे.

तिसरी गोष्ट सबसिडीची. व्हँकुव्हर, लंडन, माँट्रिअल इथली सरकारं काम आमच्याकडे करा, खर्चातला अमुक हिस्सा परत देतो म्हणतात. मग स्टुडिओ त्याच गावात काम करा असा आग्रह धरतात, कंपनी तिकडे ऑफिस उघडते आणि आर्टिस्ट बायकापोरांना घेऊन किंवा मागे ठेवून दर दोन वर्षांनी देश बदलतो. कॅलिफोर्नियातल्या कंपन्यांना यात टिकणं अवघड झालं. रिदम अँड ह्यूजच्या काही महिने आधी, सप्टेंबर २०१२ मध्ये, डिजिटल डोमेन ही व्हीएफएक्स कंपनीही दिवाळखोरीत गेली होती आणि ती एका चिनी कंपनीने आपल्या रिलायन्स मीडियावर्क्सला सोबत घेऊन विकत घेतली. रिदम अँड ह्यूज मार्च २०१३ मध्ये लिलावात गेली ती प्राणा स्टुडिओजशी संबंधित कंपनीकडे, आणि प्राणाचं काम लॉस एंजेलिस आणि मुंबई असं दोन्हीकडे चालायचं. म्हणजे अमेरिकेत जे कोसळलं त्याचे तुकडे उचलण्यात मुंबईचा पैसा आणि मुंबईचं मनुष्यबळही होतं. इथे स्वस्तात काम होतं म्हणूनच ते आलं, त्यामुळे त्यात नुसता अभिमान मला वाटत नाही.

एडिटिंगची बाजू बघितल्याशिवाय हे प्रकरण पूर्ण होत नाही, आणि करिअर निवडणाऱ्यासाठी मला हाच भाग सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. ‘लाइफ ऑफ पाय’चे एडिटर टिम स्क्वायर्स, ते नव्वदच्या दशकापासून आंग लीचे बहुतेक सगळे पिक्चर कापत आलेत, या पिक्चरसाठी त्यांनाही ऑस्कर नामांकन होतं. एडिटरचं काम इथे किती कठीण ते बघा, फ्रेममध्ये पोरगा एकटा बोटीत उभा आहे, समोर निळं कापड आहे, आणि एडिटरने ठरवायचं की न दिसणारा वाघ किती वेळ बघेल, कधी उडी मारेल आणि कट कुठे. अॅनिमेटरकडून कच्चा राखाडी वाघ येतो तो टाइमलाइनवर टाकून बघायचा, चालला नाही तर पुन्हा.

आता समजा एडिटरला वाटलं की वाघाचा हा लूक, म्हणजे त्याचं हे बघणं, २० फ्रेम जास्त राहू दे. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे पूर्ण एक सेकंदसुद्धा नाही. टाइमलाइनवर ते काम माऊस ओढण्याइतकं आहे. पण व्हीएफएक्सला शॉट पाठवताना पुढे-मागे हँडल म्हणून आठेक फ्रेमच जादा दिलेल्या असतात, त्यापलीकडे गेलं की नवीन प्लेट मागवा, मॅचमूव्ह वाढवा, रोटो वाढवा, अॅनिमेशन वाढवा, फर आणि पाण्याचं सिम्युलेशन पुन्हा चालवा, आणि थ्रीडी असल्यामुळे त्या २० च्या ४० फ्रेम रेंडर करा. एडिटरने काही चूक केली असं नाही, तो लूक २० फ्रेम वाढल्यामुळे सीन खरोखर जिवंत होत असेल तर ते केलंच पाहिजे, सिनेमा असाच घडतो. प्रश्न एवढाच की त्या २० फ्रेमचे पैसे कोण देतं. हॉलिवूडच्या एडिटरला पगार आठवड्यावर असतो, त्यांची जुनी युनियन आहे, एडिट दोन महिने लांबलं तर त्याला दोन महिन्यांचे पैसे जास्त मिळतात. त्याच बदलासाठी व्हीएफएक्स कंपनीला फिक्स बिडमधूनच भागवावं लागतं. एकच पिक्चर, एकच बदल, एकाला त्याची मजुरी मिळते आणि दुसऱ्याचं नुकसान होतं.

आपल्याकडे हे चित्र थोडं वेगळं आहे. मुंबईत एडिटरांची असोसिएशन आहे, पुण्याच्या एफटीआयआयमध्ये एडिटिंगचा जुना आणि चांगला कोर्स आहे, पण मराठी पिक्चरला आणि सिरियलला एडिटरचं काम बहुतेक वेळा ठोक रकमेवरच ठरतं आणि बदल किती वेळा करायचे याला कागदावर मर्यादा नसते. म्हणजे हॉलिवूडच्या व्हीएफएक्स कंपनीचं जे दुखणं तेच इथल्या एकट्या एडिटरचं. माझ्या ओळखीतल्या एका एडिटरने अलीकडे करारात सरळ लिहायला सुरुवात केली की पिक्चर लॉक (म्हणजे एडिट पक्कं) झाल्यावर दोन राऊंड बदल या रकमेत, तिसऱ्यापासून दिवसाप्रमाणे पैसे. सुरुवातीला दोन कामं हातची गेली, आता निर्माते सही करतात. हे व्हीएफएक्सच्या नोकरदार आर्टिस्टला करता येत नाही कारण त्याचा करार कंपनीशी असतो, स्टुडिओशी नाही, त्यामुळे त्याला कंपनी काय अटींवर काम घेते याची चौकशी करण्यावाचून गत्यंतर नाही.

रिदम अँड ह्यूजच्या लोकांना आणखी एक गोष्ट जड गेली जिच्याबद्दल फार कोणी बोलत नाही. त्यांची बरीच सॉफ्टवेअर्स घरची होती. अॅनिमेशनला वूडू, कॉम्पोझिटिंगला आयसी, आणि ती सॉफ्टवेअर्स चांगली होती यात वाद नाही. पण दहा वर्षं वूडूमध्ये काम केलेला माणूस बाहेर आला की जाहिरातीत लिहिलेलं असतं माया पाहिजे, न्यूक पाहिजे. त्याची नजर, वजनाची समज, टायमिंग हे सगळं त्याच्यासोबत जातं, हात मात्र पुन्हा बसवावा लागतो आणि तेवढे महिने जुळवून घेण्यात जातात. म्हणून मी म्हणते की सॉफ्टवेअर कोणतं शिकू या प्रश्नात चुकीचं काही नाही पण तो दुसरा प्रश्न आहे. ज्याला कॅमेरा कळतो, उजेड कुठून येतोय ते कळतं, वाघ बसताना आधी काय टेकवतो ते ज्याने बघितलंय, तो सॉफ्टवेअर बदलतो आणि पुढे जातो. वेस्टेनहोफर पुढे ‘वंडर वुमन’चे सुपरवायझर झाले. वाघाचं अॅनिमेशन सांभाळणारे एरिक-यान द बोअर यांनी नंतर ‘ओक्जा’मधला तो अवाढव्य प्राणी उभा केला. कंपनी गेली पण ती नजर कुठे गेली नाही. मात्र ही वर पोचलेल्यांची गोष्ट आहे. रोटो-पेंटला वर्षभर झालेल्या पोरीला कंपनी बुडाल्यावर तेवढ्या सहज दुसरं काम मिळत नाही, आणि मुंबई-हैदराबादमध्ये एन्ट्री बहुतेकांची तिथूनच होते. त्यातही आता रोटोची पहिली कच्ची कापणी एआयची टूल्स बऱ्यापैकी करून देतात, त्यामुळे त्या पायरीवर फार वर्षं थांबणं धोक्याचं झालंय.

यानंतर काही बदललं का? थोडं. २०१४ मध्ये रिदम अँड ह्यूजच्याच लोकांनी या सगळ्यावर अर्ध्या तासाची डॉक्युमेंटरी करून यूट्यूबवर फुकट ठेवली, ती प्रत्येक विद्यार्थ्याने बघावी. २०२३ मध्ये मार्व्हल स्टुडिओच्या स्वतःच्या व्हीएफएक्स टीमने एकमताने युनियनच्या बाजूने मत दिलं. फिक्स बिडची पद्धत मात्र तशीच आहे. ‘लाइफ ऑफ पाय’मधलं जहाज बुडण्याचं वादळ रिदम अँड ह्यूजने नव्हे तर एमपीसी या दुसऱ्या व्हीएफएक्स कंपनीने केलं होतं, स्टेजवरच्या चौघांतले गियोम रोशरों हे त्यांचे. एमपीसीची मालक टेक्निकलर, तिचं बंगळुरूला प्रचंड मोठं ऑफिस होतं, तिथे आपल्याकडची कितीतरी पोरं होती. फेब्रुवारी २०२५ मध्ये टेक्निकलर कोसळली आणि बंगळुरूतल्या हजारो लोकांच्या नोकऱ्या गेल्या. एका पिक्चरचा ऑस्कर, काम करणाऱ्या दोन मोठ्या कंपन्या, पहिली ऑस्करच्या दोन आठवडे आधी बुडाली आणि दुसरी बारा वर्षांनी, महिना सुद्धा तोच.

माझ्याकडे येणाऱ्यांना मी हे सगळं सांगते तेव्हा काही आईबाबांचा चेहरा पडतो आणि ते म्हणतात म्हणजे पाठवू नको ना ताई. मी नाही म्हणत नाही, कारण मी स्वतः यातच आहे आणि तो मांडीवरचा वाघ बघून आजही माझं मन भरून येतं. मी त्यांना सांगते की इंटरव्ह्यूत पगाराचा आकडा विचाराल तसं हेही विचारा की सध्या फ्लोअरवर किती क्लायंटची कामं आहेत की सगळं एकाच स्टुडिओवर चाललंय, गेल्या वर्षभरात पगार कधी लांबला होता का, ओव्हरटाइमचे पैसे देता की कॉम्प-ऑफ (बदली सुट्टी) आणि तो खरंच घेता येतो का, आणि पिक्चर रिलीज झाल्यावर माझे शॉट मला शोरीलसाठी (स्वतःच्या कामाच्या नमुन्यांच्या व्हिडिओसाठी) किती दिवसांत मिळतील. पहिल्या तीन प्रश्नांची उत्तरं आत काम करणाऱ्या ओळखीच्याला विचारली तर जास्त खरी मिळतात. चौथा मात्र एचआरलाच विचारायचा आणि उत्तर ईमेलवर मागायचं, कारण कंपनीला कुलूप लागलं की सर्व्हरवरचे शॉट बाहेर काढून द्यायला तिथे कोणी बसलेलं नसतं.